चौदाही वेळा एकच बोट

मी त्याच्यावर जळतो. चाळिशी ओलांडली, पोट सुटलं, तरी जळतो, आणि हे आडवळणानं सांगायची माझी इच्छा नाही.

तो म्हणजे दिल्लीतल्या सरोजिनी नगरच्या सरकारी क्वार्टर्समधला आमचा शेजारी. दोघांचेही वडील केंद्र सरकारात, दोघांच्याही घरी मराठी. शाळेच्या क्रिकेट टीममध्ये आम्हाला कोणी उभं करत नव्हतं, म्हणून पी.टी.च्या सरांनी आम्हाला बेसबॉलला जुंपलं. तो पिचर झाला, म्हणजे बॉल टाकणारा. मी कॅचर, म्हणजे बॅट्समनच्या मागे उकिडवा बसून स्वतःच्या गुडघ्यांची वाट लावून घेणारा. टाळ्या त्याला, पेपरात फोटो त्याचा. माझी आईसुद्धा म्हणायची, "काय छान टाकतो गं बाई तो!" अगं, पण झेलतो कोण?

एक गोष्ट मात्र माझ्या हातात होती. कुठला बॉल टाकायचा हे कॅचर ठरवतो. मांड्यांच्या मध्ये एक बोट दाखवलं की सरळ आणि जोरात, दोन बोटं म्हणजे वळणारा. पिचरला पटलं नाही तर तो नुसती मान हलवतो, मग कॅचर दुसरा बॉल सुचवतो. यानं माझ्यापुढे कधी, एकदाही, मान हलवली नाही.

आम्ही विशीत होतो तेव्हा परदेशातून एक गोरा माणूस ट्रायल घ्यायला आला. त्याला तिकडच्या पगारी टीमसाठी पिचर हवा होता. तोवर आपल्याकडचं कोण पगार घेऊन बेसबॉल खेळायला गेलं होतं! माझ्या पोटात जे दुखायला लागलं ते काही केल्या थांबेना. याचा वळणारा बॉल म्हणजे जादू होती, भलेभले बॅट फिरवून स्वतःभोवती गिरकी घ्यायचे. मी ठरवलं, तो बॉल या गोऱ्याला दिसूच द्यायचा नाही.

चौदा बॉल टाकायचे होते. चौदाही वेळा मी एकच बोट दाखवलं. सातव्या-आठव्या बॉलला त्यानं माझ्याकडे जरा रोखून पाहिलं. पण मान काही हलवली नाही, टाकत राहिला.

गोऱ्याच्या हातात काहीतरी काळं होतं, मला तो व्हिडिओ कॅमेरा वाटला. ते वेग मोजायचं यंत्र होतं! टीव्हीवर बॉलचा स्पीड दिसतो, पण तो मोजतात कशानं हे आमच्यापैकी कोणी पाहिलं होतं? वळण आम्ही शिकवू, गोरा म्हणाला, आम्हाला वेगच हवा. करायला गेलो गणपती, झाला मारुती. तो विमानात बसला. मी स्पोर्ट्स कोट्यातून दिल्लीतल्याच एका मंत्रालयात चिकटलो आणि फायली झेलायला लागलो.

तीन सीझन तो तिकडे खेळला, मग त्याचा खांदा गेला. बातमी ऐकून मला वाईट वाटलं, पण त्याआधी दोन मिनिटं बरं वाटलं. तेही टिकलं नाही. परत येऊन त्यानं नोएडात मैदान भाड्यानं घेतलं आणि कोच झाला. आता पानिपतहून पोरं बस धरून त्याच्याकडे शिकायला येतात. माझी मुलगीही जाते.

दर नव्या बॅचला तो एकच गोष्ट सांगतो. "ट्रायलला मी घाबरलो होतो, मला वळणारा टाकायचा होता. पण माझ्या कॅचरला ठाऊक होतं माझी ताकद कशात आहे. त्यानं मला घडवलं." ही गोष्ट ऐकून मुलगी घरी आली आणि म्हणाली, "बाबा, मीपण कॅचरच होणार." तेव्हापासून मला एकच धास्ती होती. हिला खरं कळलं तर हिच्या नजरेत माझं काय उरेल?

यंदा दसऱ्याला त्यानं मैदानावर पूजा ठेवली. पाटावर बॅटी, बॉल, त्यांना हळदकुंकू, झेंडू. मधोमध माझा जुना फाटका ग्लोव्ह. इतकी वर्षं त्यानं तो जपला होता! तिकडची त्याची जर्सी घडी करून एका कोपऱ्यात, आणि हार माझ्या ग्लोव्हला. अंगाची नुसती आग झाली. खेळ याचा, नाव याचं, आणि आता मोठेपणाही यालाच! मुलगी ग्लोव्हकडे बघून हसत होती. त्यानं "माझ्या कॅचरला ठाऊक होतं" म्हणायला सुरुवात केली आणि माझा तोल गेला.

"बास कर! काही ठाऊक नव्हतं मला. तुझी निवड होऊ नये म्हणून मी एक बोट दाखवत होतो. जळत होतो मी तुझ्यावर, कळलं?"

तो खो खो हसत सुटला. "काहीतरीच काय यार! तू? श्रेय नको म्हणून काय काय रचतोस रे!" त्यानं माझ्या हातात कचनारची पानं कोंबली. दिल्लीत आपटा कुठला, आम्ही कचनारच सोनं म्हणून वाटतो. "सोनं घे," म्हणाला आणि मला मिठीच मारली. पोरंही हसायला लागली.

मुलगी हसली नाही.

मेट्रोत ती आपला ग्लोव्ह मांडीवर घेऊन बसली. चार स्टेशनं गेली.

"बाबा, ते खरं होतं ना?"

"हो."

मी मनात म्हटलं, आता ही माझ्यावर ओरडेल, रडेल, निदान 'का केलंस' विचारेल. माझी सगळी तयारी होती.

"काकांना परत नको सांगूस हं," ती म्हणाली. "एखाद वेळी त्यांना खरं वाटेल."

एवढंच. काळजी वाटली तिला, तीही त्याचीच.