चाखणबाईची बुडवणी

पाककृतींची पुस्तकं काढणाऱ्या त्या प्रकाशनात तिला सगळे चाखणबाई म्हणत. कामच तसं होतं. कुणी लिहून पाठवलेली कृती छापायच्या आधी जशीच्या तशी रांधून बघायची आणि ती जमते का ते सांगायचं. छापखान्याच्या वरच्या मजल्यावर, कागदाच्या गठ्ठ्यांना लागून तिचं स्वयंपाकघर होतं. दोन शेगड्या, एक जुना ओव्हन, ओट्यावर खिडकी. खालच्या यंत्राची घरघर सुरू झाली की बशीतले चमचे किणकिणायचे. 'चिमूटभर' आणि 'अंदाजाने' लिहिणाऱ्यांवर तिचा फार राग. चिमूट कोणाची, असं ती उलट विचारून पाठवायची. लेखिका चिडायच्या, पण तिने पास केलेली कृती फसली असं कधी कुणी कळवलं नाही.

घरी मात्र सगळा अंदाजाचाच कारभार होता, आणि तो सासूबाईंचा. सासूबाई तरुणपणी दूरच्या डोंगराळ मुलखातून नवरा, मुलगा आणि मुलगी घेऊन या शहरात आल्या होत्या. येताना लोखंडाचं एक जाड, मुलामा दिलेलं भांडं उराशी धरून आणलं होतं. त्यात दोन तऱ्हेचं चीज मंद आचेवर वितळवायचं, भांडं टेबलाच्या मधोमध छोट्या दिव्यावर ठेवायचं, आणि सगळ्यांनी लांब काट्याला पावाचा तुकडा लावून त्यात बुडवून खायचं. जग त्याला फॉन्ड्यू म्हणतं. या घरात त्याचं नाव पडलं बुडवणी. ज्याचा तुकडा भांड्यात पडेल त्याने भांडी घासायची, हा घरचा कायदा. सासरे मुद्दाम तुकडा पाडायचे असं म्हणतात, पण सून घरात आली तेव्हा ते हयात नव्हते.

सून आली ती भात खाणाऱ्या, समुद्राकाठच्या माणसांतली. सासूबाईंची भाषा तिला धड कळेना, तिची त्यांना. पहिल्या वर्षी दोघी एकमेकींशी बोलल्या त्या बोटांनी आणि भुवयांनी. एकदा सुनेने भाजलेलं जिरं आणि मिरी कुटून हळूच बुडवणीत टाकलं. सासूबाईंनी एक घास घेतला, काटा खाली ठेवला आणि उठून गेल्या. झालं, आता बोलणीच बंद, असं सुनेला वाटलं. पुढच्या खेपेला चीज वितळत आलं तेव्हा सासूबाई मागे न बघता म्हणाल्या, "तुझं ते काळं टाक." त्या दिवसापासून दोघींचं जमलं. पुढे सासूबाईंच्या मुलीने तिसऱ्याच मुलखातला नवरा केला, तेव्हा त्याच्या घरचे वाफवलेले पिठाचे गोळेही पावाच्या जोडीला टेबलावर आले. सासूबाईंनी ते बुडवून बघितले आणि जावयाला आणखी एक वाढला. घरोघरी मातीच्या चुली म्हणतात. या घरात एकाच चुलीवर तीन घरं नांदत होती.

सासूबाई गेल्या तेव्हा संपादकबाई भेटायला आल्या होत्या. टेबलावरच्या गप्पा ऐकून त्यांनी तिथेच ठरवलं की याचं पुस्तक व्हायला हवं: एक भांडं, तीन स्वयंपाकघरं, तीन पिढ्या. लोकांना असंच काहीतरी वाचायचं असतं, त्या म्हणाल्या. दुसऱ्यांच्या कृती तपासण्यात उभी हयात गेलेल्या चाखणबाईला स्वतःच्या नावाचं पुस्तक मिळणार होतं. तिला आनंद झालाच, पण त्याहून जास्त वाटलं ते हे की सासूबाईंचं काहीतरी मागे राहील.

अडचण एकच होती. मूळ मुलखात बुडवणीत पांढरी वाइन पडायची. इथे तशी वाइन मिळेना म्हणून सासूबाई सफरचंदाचा रस बरणीत भरून खिडकीत ठेवायच्या. तो किंचित फसफसला, आंबूस झाला की तोच वापरायच्या. किती दिवस ठेवायचा, असं सुनेने एकदा विचारलं होतं. वास येईपर्यंत, असं उत्तर आलं. कसला वास? आला की कळेल. आणि खरंच, काही वर्षांनी तिला कळायला लागलं. बरणीचं झाकण उघडायचं, नाक जवळ न्यायचं आणि 'आज नको, उद्या' असं म्हणायचं. पुस्तकात हे कसं लिहायचं ते ती बघणार होती. रोज वास घेऊन, मोजून, पक्कं करून.

त्याच हिवाळ्यात तिला ताप आला. आठवडाभर अंथरुणात होती. ताप उतरला, अंगात ताकद आली, पण तोंडाला चव येईना. आजारपणात जीभ जातेच, येईल परत, असं म्हणून तिने मनावर घेतलं नाही. मग एका सकाळी ती ओट्याशी भाजी चिरत उभी असताना नवरा धावत आत आला आणि त्याने शेगडी बंद केली. तिच्या कोपराशेजारी दूध करपून काळं झालं होतं. धूर तिच्या डोळ्यांत गेला होता, पण वास म्हणून काही तिला आला नव्हता. तिने मग एकेक डबा उघडून नाकाशी धरला. कॉफी. जिरं. व्हिनेगर. शेवटी कपडे धुवायचा साबण. सगळ्या डब्यांत नुसती हवा.

डॉक्टरांनी सांगितलं की तापानंतर असं होतं, कधी परत येतं, कधी नाही. वाट बघा.

वाट बघायला वेळ नव्हता. पुस्तकाची तारीख ठरली होती, फोटो काढणारा माणूस ठरला होता. प्रकाशनात सांगावं असं तिला पहिल्याच दिवशी वाटलं, आणि जिन्यावरूनच ती परत फिरली. जिला वासच येत नाही ती चाखणबाई कसली? ऑफिसातल्या बाकीच्या कृती ती रंगावरून, फोडणीच्या आवाजावरून, बोटांना लागणाऱ्या चिकटपणावरून पास करू लागली. वर आलेल्या कुणाला तरी घास द्यायची आणि त्याचा चेहरा बघायची.

घरी नवऱ्याला सगळं माहीत होतं. तो रंगाच्या कारखान्यात रंग कालवण्याचं काम करायचा. मितभाषी माणूस, पण बायकोचा उतरलेला चेहरा त्याला बघवेना. तो म्हणाला, "मी चाखतो. माझ्याच आईचं तर आहे. मला नाही कळणार तर कुणाला?"

तिला ते पटलं. मग रोज संध्याकाळी, तो कारखान्यातून आला की, खिडकीतल्या बरणीचं झाकण उघडलं जायचं. तो वाकून वास घ्यायचा, डोळे मिटायचा. एके दिवशी म्हणाला, हा बरोबर आहे. तिने त्याच रसात चीज वितळवलं, जिरं-मिरी टाकलं, आणि दोघांनी टेबलावर बसून पाव बुडवून खाल्ला. तिच्या तोंडात नुसतं ऊन, मऊ, चिकट काहीतरी होतं. त्याने दोनदा घास घेतला आणि मान डोलावली. तसंच आहे, म्हणाला. अगदी आईसारखं. तिने दिवस, वजन, आच, सगळं लिहून काढलं. त्या रात्री तिला बऱ्याच दिवसांनी शांत झोप लागली.

पुस्तक देखणं निघालं. छापखान्याच्या दालनात लहानसा समारंभ झाला. पाहुण्यांसाठी तिने स्वतः बुडवणी केली होती, पुस्तकात होती तश्शी. लोक काटे घेऊन भांड्याभोवती जमले, हसले, कुणाचा तरी तुकडा पडला आणि टाळ्या पडल्या. नवऱ्याची बहीण, म्हणजे तिची नणंद, दुसऱ्या गावाहून आली होती. नणंद नाकाने कांदे सोलणारी म्हणून घरात प्रसिद्ध, पण आईवर तिचा जीव होता. तिने एक तुकडा बुडवला, खाल्ला, आणि भावजयीचा हात धरून तिला बाजूला, कागदाच्या गठ्ठ्यांकडे नेलं. पाठोपाठ नवराही आला.

नणंद हळू आवाजात म्हणाली, "हे आईचं नाही. रस पार उतरलाय. व्हिनेगर झालाय त्याचं."

नवरा म्हणाला की त्याने स्वतः चाखलंय, तसंच आहे.

"दादा, तुझं नाक त्या कारखान्यात कधीच संपलं," नणंद म्हणाली. "आईला माहीत होतं. तुझे तुकडे ती वेगळे का ठेवायची, असं वाटलं तुला?"

सासूबाई मुलाच्या वाट्याचे पावाचे तुकडे एका वेगळ्या बशीत काढून ठेवायच्या, हे चाखणबाईने वर्षानुवर्षं बघितलं होतं. लेकाचे लाड, असंच तिने मानलं होतं, आणि मनातून थोडा रागही धरला होता. नणंदेने सांगितलं ते असं: आई ते तुकडे आधी मीठ घातलेल्या व्हिनेगरमध्ये बुडवून काढायची. त्याशिवाय त्याच्या जिभेला काही लागायचंच नाही. त्याला वाईट वाटू नये म्हणून तिने ते कधी बोलून दाखवलं नाही. फक्त लेकीला सांगून ठेवलं होतं.

म्हणजे नवऱ्याने खोटं सांगितलं नव्हतं. आंबट ढाण रसात केलेली बुडवणी त्याला खरोखरच आईच्या हातची वाटली होती, कारण त्याच्या वाट्याला आईने वर्षानुवर्षं तेच वाढलं होतं. तो दालनात परत गेला, खुर्ची ओढून भिंतीशी बसला, आणि समारंभ संपेपर्यंत त्याने पुन्हा काटा हातात घेतला नाही.

दुसऱ्या दिवशी चाखणबाईने संपादकबाईंना सगळं सांगितलं. नाक गेल्याचंही सांगितलं. ताकाला जाऊन भांडं आता किती लपवणार? संपादकबाई वाईट नव्हत्या. त्यांनी तिचा हात हातात घेतला, पण म्हणाल्या की पुस्तक दुकानांत गेलंय, लोकांना ते आवडतंय, कुणालाच फरक कळणार नाही. दुसरी आवृत्ती निघाली तर बघू. तोवर तिने बरी कृती आणून द्यावी.

त्यासाठी नणंद राहिली. दोघींनी खिडकीत पुन्हा बरण्या मांडल्या. नणंद रोज झाकण उघडून वास घ्यायची. एके सकाळी ती ठामपणे 'आज' म्हणाली. बुडवणी झाली. नणंदेने घास घेतला, बराच वेळ चघळला आणि म्हणाली, जवळ आहे, पण नाही. पुढच्या बरणीला तेच. त्याच्या पुढच्या बरणीला तिने घास घेतला आणि काटा ठेवून दिला.

"मला आठवतंय असं वाटायचं," ती म्हणाली. "आता जितकं चाखते तितकं पुसत चाललंय, वहिनी."

भांड्यातलं चीज गार झालं आणि त्यावर जाड साय धरली. नणंद दुसऱ्या दिवशी गेली.

चाखणबाईने वरचं स्वयंपाकघर सोडलं. खाली मुद्रितं वाचायचं काम मागून घेतलं, आणि ते तिला मिळालं. वर दुसरी कुणी आली. घरात बुडवणी व्हायची बंद झाली. कुणी ठरवून बंद केली नाही, कुणी करायला घेतली नाही इतकंच. नवरा ताटात पडेल ते खायचा आणि उठताना 'छान झालं होतं' म्हणायचा. ते तो पूर्वीही म्हणायचा. आता ते शब्द ऐकताना तिला ताटाकडे बघत राहावं लागायचं. एकदा तो म्हणाला, तेव्हा मी मधे पडायला नको होतं. ती म्हणाली, तू नाही तर कोण पडणार होतं. त्यावर दोघांनी तो विषय पुन्हा काढला नाही.

पुस्तक मात्र चाललं. दुसरी आवृत्ती निघाली ती जशीच्या तशी, कारण बरी कृती कुणी आणून दिलीच नाही. अनोळखी माणसं लिहून कळवायची की तुमच्या सासूबाईंची बुडवणी आमच्याकडे दर हिवाळ्यात होते, तो आंबटपणाच काय तो निराळा. संपादकबाई ती पत्रं खाली पाठवायच्या. ती वाचायची आणि मुद्रितांच्या खाली सारायची.

नाक काही वर्षांनी थोडं उघडलं, पण बिघडलेलं. कॉफीला जळक्या रबराचा वास यायचा, जिऱ्याला ओल्या फडक्याचा. डॉक्टर म्हणाले की ही सुधारणाच आहे.

एका रविवारी लेकीचा फोन आला. ती दूरच्या शहरात असते. पुस्तकात बघून आज बुडवणी केली, म्हणाली, आणि फोन तिने आपल्या छोट्या मुलीकडे दिला. नात तोंडात घास असतानाच बोलत होती. तिने तीन तुकडे पाडले होते आणि बाबाने तिच्याऐवजी भांडी घासायचं कबूल केलं होतं. मग तिने विचारलं की पणजी अशीच करायची का.

चाखणबाईने फोन दुसऱ्या कानाला लावला. समोर नवरा बटाटे सोलत बसला होता. त्याचा हात थांबला.

"हो," ती म्हणाली. "गरम आहे तोवर खा."

फोन ठेवून ती त्याच्या शेजारी बसली आणि तिनेही एक बटाटा सोलायला घेतला.