कोर्टातला बदली

माझ्या मामाचा दावा डिसमिस झाला तेव्हा मी एका मराठी दैनिकात बातमीदार होतो. संयुक्त महाराष्ट्राच्या सत्याग्रहाचे ते दिवस होते. दावा लालबागच्या एका खोलीचा. भाडेपावती थोरल्या मामाच्या नावावर होती. तो वारल्यावर चाळमालकाने ती धाकट्याच्या, म्हणजे या मामाच्या, नावावर करायला नकार दिला आणि खोली खाली मागितली. मामा कोर्टात गेला. निकाल लागेपर्यंत त्याला बाहेर काढू नये असा तात्पुरता हुकूम मिळाला. त्या हुकुमावर मामा, मामी आणि तीन मुलं तिथे राहत होती.

पहिल्या चार-पाच तारखांना मामा स्वतः गेला. दुपारपर्यंत बाकावर बसायचं, पुकारा झाला की उभं राहायचं, वकिलांनी पुढची तारीख घेतली की परतायचं. दर वेळी गिरणीतली एक पाळी बुडायची. शेवटी त्याने तिथलीच रीत कोर्टाला लावली. गिरणीत कामगार आला नाही की त्याच्या साच्यावर, म्हणजे मागावर, बदली उभा राहतो. मामाचा एक गाववाला चाळीच्या गॅलरीत झोपायचा आणि गिरणीत बदलीवरच होता. मामाने त्याला कोर्टात पाठवलं.

संध्याकाळी तो खुशीत परत आला.

"झाला काम. सायबान इचारल्यान, तू कोण? मी म्हटलंय, तेचो बदली. तेणी लिवन घेतल्यानी."

"आणि वकील?"

"ते काय दिसाक नाय."

आठवड्याने चाळमालकाचा भाडं वसूल करणारा मेहता येऊन सांगून गेला : वादी गैरहजर, वकील गैरहजर, दावा काढून टाकलाय, महिनाअखेर खोली सोडा.

वकील तुरुंगात होते. सत्याग्रहात पकडलेल्यांची यादी पोलीस ठाण्यातून मीच उतरवून आणली होती. त्यात त्यांचं नाव होतं आणि दुसऱ्या दिवशी ते छापून आलं होतं. मामाची तारीख त्याच आठवड्यात आहे हेही मला ठाऊक होतं. दोन्हींचा संबंध माझ्या लक्षात आला नाही.

"पेपरात काम करतस मा रे तू?" मामी म्हणाली. "मगे घरातल्यांका कोण सांगतलो?"

दुसऱ्या दिवशी मी वकिलांच्या कचेरीत गेलो.

दावा पुन्हा नोंदीवर घ्यावा असा अर्ज महिन्याच्या आत करता येतो, गैरहजेरीचं सबळ कारण मात्र दाखवावं लागतं. आमच्या वकिलांचे एक सहकारी अर्ज लिहायला बसले. मामाला ताप होता असं लिहू, असं त्यांनी सुचवलं.

"नको," मामा म्हणाला. "त्या दिवसाची माझी हजेरी गिरणीत लागलीय. चाळमालकाच्या वकिलाने ती मागवली तर?"

म्हणून घडलं तेच लिहिलं. सोबत माझ्या बातमीचं कात्रण जोडलं. न्यायाधीशांनी ते बाजूला ठेवलं, वर्तमानपत्र हा पुरावा नाही म्हणाले. तुरुंगातून वकिलांच्या अटकेचा दाखला आणायला आणखी सहा दिवस गेले.

पुढच्या तारखेला मालकाचे वकील म्हणाले, "वकील आत होते हे मान्य. वादी तर बाहेर होता. त्याला कोर्टापेक्षा साचा महत्त्वाचा वाटला."

न्यायाधीशांनी मामाला पुढे बोलावलं. "तुम्ही दुसऱ्या माणसाला का पाठवलंत?"

"साहेब, वकील तिथं असणार असं धरून चाललो होतो. तारीख काय ती ऐकून यायची, एवढंच काम वाटलं. गिरणीत माझ्या जागी उभा राहतो तो माणूस. इथं चालत नाही हे मला माहीत नव्हतं."

"आता कळलं?"

"कळलं."

मागच्या बाकावर कुणीतरी हसलं. न्यायाधीश लिहीत राहिले. मग त्यांनी इंग्रजीत दोन-तीन वाक्यं वाचून दाखवली आणि पुढचं प्रकरण घेतलं. मामा तिथेच उभा राहिला. पट्टेवाल्याने त्याला हाताने बाजूला केलं. दावा परत घेतलाय, पण खोलीबद्दल काय लिहिलंय ते नक्कल हातात आल्याशिवाय सांगता येणार नाही, असं वकिलांचे सहकारी म्हणाले.

हुकुमाची शिक्क्याची नक्कल चार दिवसांनी मिळाली. महिना संपायला दोन दिवस होते. मामीने भांड्यांचं पोतं दाराशी बांधून ठेवलं होतं. मी कागद मराठी करून वाचायला सुरुवात केली, तशी ती मध्येच म्हणाली, "खोलीचा काय लिवलाहा, तेवढाच वाच."

दावा पुन्हा चालणार होता. निकाल लागेपर्यंत बाहेर काढू नये हा आधीचा हुकूम कायम होता.

तिने पुन्हा वाचायला लावलं. मग पोतं सोडायला घेतलं.