मोसंबीच्या बागेचे रिसीवर साहेब

मेलेल्या झाडाचा पंचनामा करणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला. टेंभुर्णीच्या आमच्या बागेतलं मोसंबीचं एक झाड वाळलं, तेव्हा रिसीवर साहेबांनी पाच पंच बोलावले, टेपनं खोडाचा घेर मोजला आणि लिहिलं, ‘मृत्यू नैसर्गिक दिसतो. घातपाताची खूण नाही.’ पंचांत आमच्या शाळेचे गुरुजी होते. सही करण्याआधी त्यांनी झाडाला हात जोडले.

साहेब जालन्याचे वकील. आजोबांच्या माघारी माझे वडील अण्णा आणि त्यांचे थोरले भाऊ तात्या यांच्यात वाटणीचा दावा लागला. उद्या भावाच्या वाट्याला जाणारं झाड आज आपण का जगवायचं, म्हणून दोघांनीही पाणी देणं सोडलं. बाग सुकायला लागली, तेव्हा कोर्टानं साहेबांना रिसीवर नेमून निकालापर्यंत ती त्यांच्या ताब्यात दिली. “फोनचा रिशिवर ऐकला होता, बागेचा न्हाई ऐकला,” तात्या पारावर म्हणाले.

साहेब आठवड्यातून दोनदा एसटीनं यायचे. दोन्ही घरांतून चहाचं बोलावणं जायचं. “दोघांचा चहा एकाच कपात आणा, मंग पितो,” म्हणायचे. कुणी आपली बाजू मांडायला लागला की हात वर करायचे. “मी तुमच्यापैकी कुणाचाच न्हाई. मी झाडांचा.”

झाडांवर त्यांचा जीव खरा होता, पण शेतीतलं त्यांना काही म्हणजे काही कळत नव्हतं. मोसंबीला थंडीत पाणी तोडून ताण द्यावा लागतो. ताण बसला तरच पुढं झाड फुलतं. साहेबांनी मात्र गडी लावून भर डिसेंबरात मोटार सुरू ठेवली. अण्णा धावत बागेत गेले, तर दुसऱ्या बांधावरून तात्या धावत आलेले.

“साहेब, पाणी बंद करा! बहार जाईल!” अण्णा ओरडले.

“कोर्टाचा हुकूम आहे, झाडं जगवायची. उपाशी ठेवून कोणी जगतं का?”

तात्यांनी कपाळावर हात मारला. “अरे बबन, तू सांग याला. माझं डोकं चालंना.”

दोन वर्षांत तात्यांनी अण्णांना पहिल्यांदाच हाक मारली होती. दोघांनी मिळून साहेबांना अर्धा तास ताण शिकवला. साहेबांनी सगळं वहीत उतरवून घेतलं आणि म्हणाले, “ठीक. दोघांच्या सहीचा एक अर्ज द्या.”

मी बारावीत होते, अर्ज मीच लिहिला. आधी नाव कुणाचं यावर पाऊण तास गेला. शेवटी वयाचा मान म्हणून तात्यांचं आधी आलं आणि अण्णांनी सही दुप्पट मोठी केली. मग फवारणीला अर्ज, मोटार जळाली तर अर्ज. एकट्याचा कागद साहेब हातात घेत नसत. अर्जासाठी तात्या आमच्या ओट्यावर येऊन बसायला लागले. साहेबांना शिव्या घालण्यात दोघांचं इतकं जमायचं, की अर्ज संपला तरी तात्या उठायचे नाहीत. पुढच्या वर्षी दोघांनी कोर्टात तडजोड केली आणि निम्मी निम्मी बाग वाटून घेतली.

ताबा द्यायला साहेब आले, तेव्हा मी विचारलं, “तुम्ही मुद्दाम पाणी दिलं होतं ना?”

“न्हाई गं पोरी,” ते प्रामाणिकपणे म्हणाले. “माझ्या घरी तुळससुद्धा बायको जगवते.”

गेल्या वर्षी साहेब गेले. अण्णा, तात्या आणि मी जालन्याला भेटायला गेलो. साहेबांच्या पत्नीनं पाणी दिलं. त्यांची दोन मुलं बैठकीत दोन टोकांना बसली होती. मधल्या खुर्च्या रिकाम्या होत्या, आणि एकाला काही विचारलं की दुसरा भिंतीकडं पाहायचा.

तात्या माझ्याकडं झुकून हळूच म्हणाले, “मंग इथं रिशिवर कोण?”

अण्णांनी ते ऐकलं. ते उठले आणि साहेबांच्या थोरल्या मुलाजवळ जाऊन बसले. मग तात्याही गुडघ्यावर हात देऊन उठले आणि धाकट्याजवळची खुर्ची ओढली.