हेलुनाचा दुसरा निरोप

इल्मो कार्तिनेन तरुणपणापासून माहितीपटांसाठी कॅमेरा चालवत आला. गोठलेल्या तळ्यांवरचे मासेमार, बंद पडणारे कागदाचे कारखाने, रेनडिअर हाकणारी माणसं, सगळं त्याने टिपलं. आमच्या कायनू भागात मात्र त्याचं नाव एकाच गोष्टीसाठी घेतात. तो कुणाला 'पुन्हा करा' म्हणत नाही. सुटलं ते सुटलं. साहित्याची पदवी घेऊन मी त्याच्याकडे कामाला आले, ती एवढ्याचसाठी.

फेब्रुवारीत म्हाताऱ्या हिल्काने आपली शेवटची गाय, हेलुना, विकली. असल्या थंडीत कॅमेरा आधी पडवीत ठेवायचा, हळूहळू ऊब लागू द्यायची, हे इल्मोनेच मला शिकवलं होतं. त्या सकाळी तो हिल्काच्या स्वयंपाकघरात कॉफी घेत गप्पांत रमला. कॅमेरा गाडीतच राहिला. ट्रक लवकर आला. इल्मो कॅमेरा घेऊन धावतच उबदार गोठ्यात शिरला आणि गार भिंगावर वाफ धरली. हिल्काने हेलुनाच्या मानेला कपाळ टेकवलं, दावं धरून तिला बाहेर नेलं. कॅमेऱ्यात नुसतं पांढरं.

इल्मो भिंग पुसत राहिला. ट्रकचं दार लागलं तेव्हा म्हणाला, "हिल्का, एकदाच... पुन्हा कराल?"

मी खाली बघितलं.

ड्रायव्हर कुरकुरला, पण त्याने फळी टाकली. हेलुना उतरली आणि सरळ आपल्या जागी, नावाच्या पाटीखाली जाऊन उभी राहिली. गव्हाणीत तोंड घातलं. या खेपेला ती निघेना. हिल्काला तिला ओढावं लागलं. इल्मोने ते टिपलं. फार सुंदर टिपलं.

मे महिन्यात गावच्या सभागृहात माहितीपट दाखवला. शेजारचा तौनो नाक पुसत म्हणाला, "जनावराला कळतं बघ. पाय निघेना तिचा."

"कळतं कसलं," हिल्का म्हणाली. "तिला वाटलं, घरी परत आणलं."

इल्मो पुढच्याच रांगेत होता. त्याला मंचावर बोलावलं. असे क्षण सापडतात कसे, कुणीतरी विचारलं. त्याचं उत्तर ठरलेलं असायचं.

"वाट बघायची," तो म्हणाला, आणि थांबला. "त्या दिवशी मी नाही बघितली. गाय ट्रकमधून उतरवायला लावली."

हिल्का जागेवरूनच बोलली.

"जाऊ दे रे. माझ्याकडे कॉफी प्यायला होतास तू. घरी आलेल्याला नाही कसं म्हणायचं?"

ती त्याची समजूतच घालत होती. इल्मोने मान वर केली नाही.