मूळ अर्थाकडं

गंगाखेडला आमच्या शेजारी इंग्रजीचे एक निवृत्त सर राहतात. नजर लय कमी, तरी दाढी स्वतः करतात आणि तीही आरशासमोर उभं राहूनच. कुणी डोळ्यांचं विचारलं की त्यांचा तास सुरू होतो. "परब्लाइंड म्हणून जुना शब्द हाय. आधी अर्थ होता प्युअर ब्लाइंड, निव्वळ आंधळा. वापरता वापरता झाला अंधुक दिसणारा. शब्दाला दिसायला लागलं, मला का न्हाई दिसणार?"

परवा परभणीच्या डॉक्टरांनी सांगितलं, आता उपाय नाही. परतताना एसटीत सर म्हणाले, "शब्द माघारी निघाला म्हणायचा."

गंगाखेडला उतरताना मी हात पुढं केला. तो धरून त्यांनीच मला बजावलं, "खालची पायरी उंच हाय. जपून उतरा."