कचराबाईची कांचनमाला

फजिती दोन प्रकारची असते. एक आपोआप होते. दुसरी आपण वही-पेन्सिल घेऊन, उन्हातान्हात पायपीट करून, स्वतःच्या हातानं ओढवून घेतो. माझी दुसऱ्या प्रकारातली. चहा उकळेपर्यंत सांगतो. खुशाल हसा, तेव्हा अख्खं पांढुर्णं हसलं होतं.

गोष्ट पहिल्या निवडणुकीच्या वेळची. आमच्या सी.पी. अँड बेरारचं नाव नुकतंच मध्य प्रदेश झालं होतं आणि मी नुकताच पांढुर्ण्याच्या शाळेत मास्तर झालो होतो. वय सव्वीस. नाव विद्याधर. म्हणजे विद्या धारण करणारा! हा अर्थ कोणी विचारला नाही तरी मी सांगत असे.

नावांचा मला नादच लागला होता. एक जाड वही केली होती, त्यात नावं आणि अर्थ. तिगाव स्टेशनवर पीटरसाहेब म्हणून एक बाबू होते. त्यांच्याकडून कळलं की पीटर म्हणजे दगड. म्हणजे आपला दगडूच की हो! अब्दुल्ला शिंप्यानं सांगितलं, अब्दुल्ला म्हणजे देवाचा दास. म्हणजे आपला हरिदास. शाळेचा शिपाई मंगलू, तर तो मंगळवारी जन्मला म्हणून मंगलू. सगळं वहीत! एवढी विद्या धारण केल्यावर माणूस स्वस्थ बसेल का?

तेवढ्यात सरकारनं आम्हा मास्तरांना मतदारांची नावं लिहायला गावोगाव पिटाळलं. माझ्या वाट्याला आलं सावरगाव. जाम नदी ओलांडली की सावरगाव, लांब नाही. आमच्या स्वतःच्या गल्लीची यादी दुसऱ्या एका मास्तरांकडे गेली.

सावरगावात पहिल्याच घरी मी विचारलं, "नाव?"

"धोंडाबाई."

पुढच्या घरी कचराबाई. त्याच्या पुढच्या घरी एक धिप्पाड शेतकरी, संत्र्याच्या बागेला पाणी देऊन आलेला. म्हणाला, "उकंडा."

मी पेन्सिल खाली ठेवली. उकंडा! उकिरड्यावरून पोराचं नाव ठेवतात का कोणी? स्वतंत्र देशाचा नागरिक, त्याचं पहिलं मत, आणि यादीत नाव काय, तर उकंडा? मला त्यांची दया आली. खोटं कशाला सांगू, दयेपेक्षा वहीची खाज जास्त होती.

मग काय! धोंडाबाईची शैलजा केली. उकंड्याचा उत्तमराव केला. कचराबाईची कांचनमाला केली, आणि त्या नावावर मी स्वतःच इतका खूश झालो की घरी येऊन आईला दोनदा वाचून दाखवलं.

आईनं विचारलं, "तिले सांगतलं का तू?"

"तिला काय सांगायचं? आपोआप कळेल, आनंद होईल."

आईनं माझ्याकडे एकदा निरखून पाहिलं आणि ती पुन्हा तांदूळ निवडायला लागली. तेव्हाच मला शंका यायला हवी होती.

यादी छापून आली. सावरगावची पानं मी चार वेळा वाचली. आमच्या गल्लीचं पान उघडूनसुद्धा पाहिलं नाही. स्वतःचं नाव काय वाचायचं? ते तर पाठ होतं!

मतदानाचा दिवस उजाडला. केंद्र आमच्याच शाळेत, सावरगावचं आणि आमच्या गल्लीचं एकत्र. मी दारात उभा, इस्त्रीचा सदरा घालून. आत छिंदवाड्याहून आलेले एक हिंदी बोलणारे साहेब. बायांची रांग वेगळी, पुरुषांची वेगळी. बायांच्या रांगेत सगळ्यात पुढे कचराबाई. साठीची विधवा, नवं कोरं लुगडं, पहाटेच निघून नदीपात्रातून चालत आलेली. तिला पहिलं मत टाकायचं होतं आणि ती ते रांगेत सगळ्यांना सांगत होती.

"नाम?"

"कचराबाई."

साहेबांनी यादी चाळली. "कचराबाई नहीं है. अगला!"

"नाई कशी? म्या सांगतलं नं मास्तरले!"

"अगला!"

पुढची धोंडाबाई. नाही. पुरुषांकडून उकंडा. नाही. बरं, यादीतली नावं साहेबांनी पुकारली, "शैलजा! उत्तमराव! कांचनमाला!" तर कोणी हूं की चूं करेना. सावरगावची माणसं एकमेकांकडे बघायला लागली. एक जण म्हणाला, "आपल्या गावाची यादी दुसऱ्याच गावाले गेली वाटते बे!" झालं! रांग मोडली, दारात गलका, साहेबांचा चष्मा खाली आणि आवाज वर.

"ये लिस्ट किसने लिखी?"

इस्त्रीचा सदरा पुढे झाला.

मी सगळं सांगितलं. अर्थांसकट सांगितलं! साहेबांनी कपाळावर हात मारला. मग म्हणाले, बाईनं कांचनमाला मीच म्हणून कबूल करावं आणि मत टाकावं, बाकीच्यांनीही तसंच करावं.

मला हायसं वाटलं. मी कचराबाईजवळ गेलो. "आजी, साहेब विचारतील, कांचनमाला तूच का? नुसतं हो म्हण."

"नाई म्हणत."

"अगं, चांगलं नाव आहे. सोन्याची माळ!"

"म्हणून तं नाई म्हणत!" कचराबाई कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "माह्या मायचे चार लेकरं गेले माह्या आंधी. मी झाली तं मले कचऱ्यात टाकलं, सुईणीनं उचललं, मूठभर कोंडा देऊन मायनं परत घेतलं. साठ वर्सं झाले, यम येऊन पाह्यते आन् म्हणते, हा तं कचरा आहे, कोन उचलते! आन् तू सरकारी कागदावर सोनं लिहून ठेवलं? त्याले पत्ता देल्ला नं तू माहा!"

रांगेत कोणी हसलं नाही. धोंडाबाईनं पदर तोंडाला लावला. तिची कथा तीच असावी. मला पहिल्यांदा खरोखर लाज वाटली. बाई एवढ्या हौसेनं आली होती, आणि तिच्या मतात आणि तिच्या जिवात मी माझी वही आडवी घातली होती.

मी साहेबांचे पाय धरायचेच बाकी ठेवले. शेवटी ते नरमले. म्हणाले, ठीक आहे, तुम्ही लिहून द्या की कांचनमाला म्हणजेच ही कचराबाई, चूक तुमची, बाईला काही कबूल करायला नको. बाकीच्यांचंही तसंच लिहा. पण साक्ष देणारा याच केंद्राचा मतदार पाहिजे.

"आहे ना!" मी छाती काढली. "लिहा. विद्याधर गणपतराव."

साहेबांनी आमच्या गल्लीचं पान काढलं. बोट खाली आलं. पुन्हा वर गेलं. पुन्हा खाली.

"विद्याधर तो नहीं है."

"असं कसं? घरात मी आणि आई, दोघंच!"

"आपके घर में लिखा है," साहेबांनी चष्मा सारखा केला, "उकंडा. पिता गणपत. उम्र छब्बीस."

मी म्हणणार होतो, कुणीतरी चूक केली. तेवढ्यात बायांच्या रांगेतून ओळखीचा आवाज आला.

"थोच आहे, साहेब! लिवा, लिवा, थोच आहे!"

आई! डोक्यावर पदर घेऊन, अगदी शांत.

"माय, काय बोलून राहिली तू?" माझी शुद्ध भाषा त्या क्षणी जी गेली ती गेलीच.

"खरं तेच बोलून राहिली. तुह्या आंधी तीन गेले. तुले उकंड्यावर ठेवलं, शेजारनीनं उचललं, सूपभर कोंडा देऊन घेतलं. विद्याधर तुह्या मामानं शाळेत लिवलं, थे शाळेपुरतं. थे मास्तर घरी आले, नाव पुसलं, सांगून देल्लं. सरकारले का खोटं सांगू?"

सव्वीस वर्षं घरात मला सगळे बापू म्हणत. का म्हणत, हे नावांच्या संशोधकाला कधी विचारावंसं वाटलं नाही.

साहेब खाली मान घालून हसत होते. "तो आप उकंडा हैं?"

शाळा माझी. शिपाई मंगलू दारात. विद्यार्थ्यांचे बाप रांगेत. आणि कचराबाई माझ्या तोंडाकडे टक लावून बघत होती, कारण तिचं मत आता माझ्या त्या एका शब्दावर अडलं होतं.

"हो," मी म्हणालो. "मी उकंडा."

"मोठ्यानं सांग नं!" कचराबाई म्हणाली. "साहेबाले आयकू गेलं पाह्यजे."

मोठ्यानं सांगितलं. लिहून दिलं, खाली सही केली, उकंडा गणपतराव. मागून सावरगावचा तो धिप्पाड उकंडा वाकून सही बघत होता. अगदी आपुलकीनं म्हणाला, "गुरुजी, तुमचं बी उत्तमराव करून टाकाचं का?"

कचराबाईनं मत टाकलं. बाहेर आली, माझ्या गालावरून हात फिरवून बोटं मोडली. "आपलाच निंगाला नं तू! कायजी करू नोको. नाव चांगलं आहे तुह्यं, लय वर्सं जगशीन."

पुढे नाव दुरुस्तीचा अर्ज मी तीनदा लिहिला. एकदा शाईही चांगली वापरली. पण द्यायला निघालो की कचराबाईचा यम आठवायचा. तोवर राज्यांचीच फेरमांडणी झाली, नागपूर तिकडं गेलं, आम्ही इकडंच राहिलो, राजधानी भोपाळला पोचली, आणि नव्या यादीसाठी एक तरुण मास्तर आमच्या दारात आला. हातात पेन्सिल, डोळ्यांत विद्या.

"आपलं शुभनाव?"

दारावर पाटी होती, विद्याधर. तीनही अर्ज खिशात होते. मी गल्लीत डावीकडे पाहिलं, उजवीकडे पाहिलं. मग पाटीसमोर उभा राहिलो, ती झाकली जाईल असा, आणि हळूच म्हणालो,

"उकंडा. आणि हे बघ, चांगलं करायला जाऊ नको. जसं सांगितलं तसंच लिही!"