रिकामी बग्गी

आमच्या शेजारच्या आयरिश काकांना एका लॉर्डचं सगळं आयुष्य पाठ आहे. काकांचे पणजोबा आयर्लंडात त्याची जमीन कसायचे. घराणं मूळचं इंग्रज, पण पिढ्यान्‌पिढ्या तिथेच मुरलेलं. लॉर्डचं शिक्षण इंग्लंडात, खुर्ची लंडनच्या पार्लमेंटात. "गहू त्याचा, बटाटे आमचे," असं काका म्हणतात.

इथे अमेरिकेत, पार्सिपनीत घर घेतलं त्या हिवाळ्यात, पहिल्या बर्फात, न सांगता आमचा ड्राइव्हवे साफ करणारे हेच. मुलं त्यांना काका म्हणत मोठी झाली, मग मीही म्हणायला लागलो. दर मार्चमध्ये त्यांच्या सणाला ते सोडा ब्रेड घेऊन येतात आणि तोच विषय काढतात.

"लॉर्डची बग्गी दिसली की टोपी काढायची. आत लॉर्ड नसला तरी! रिकाम्या बग्गीला सलाम, यंग मॅन!"

मी पन्नाशी ओलांडलीय, पण त्यांच्या लेखी यंग मॅनच.

कुळांना जमीन देणाऱ्या कायद्याविरुद्ध लॉर्ड पार्लमेंटात तावातावाने बोलला. कायदा झालाच. जमीन गेली, तरी रोज संध्याकाळी बग्गी जुंपायला लावून तो जुन्या हद्दीवरून फिरून यायचा. हे सांगताना मात्र काकांचा आवाज खाली येतो.

"तुझे लोक काय करायचे?" त्यांनी पहिल्याच वर्षी विचारलं होतं.

"शेती," मी म्हटलं.

शेती होतीच. कोकणातली, आमच्या मालकीची, राबायची कुळं. माझे आजोबा गावचे खोत, म्हणजे तिथले लॉर्डच, आणि पुढे आमदार. कूळकायद्याच्या विरोधात तेही असेच बोलले होते. काकांसमोर मला हे कधी सांगवलं नाही. दर मार्चला नुसता ब्रेड खायचो.

यंदा कॉलेजातून आलेली मुलगी टेबलावर सहज बोलून गेली, "डॅड, युअर ग्रँडफादर वॉज अ पॉलिटिशियन, राइट?"

काकांनी माझ्याकडे पाहिलं. मग मी सगळं सांगितलं. आजोबांचं सांगून थांबता आलं असतं, पण थांबलो नाही. आमच्या घराला चिऱ्याचा गडगा होता, म्हणजे दगडी कुंपण. जमीन स्वतःच्या नावावर होऊनही एक म्हातारं कूळ त्या गडग्यासमोरून जाताना चपला काढून हातात घ्यायचं. तेव्हा आजोबा हयातही नव्हते. गडग्यावर फक्त मी बसलेला असायचो, सात-आठ वर्षांचा. ते बघायलाच बसायचो. मला आवडायचं ते.

"नाव काय त्याचं?" काकांनी विचारलं.

"माहीत नाही."

"आम्हाला लॉर्डच्या घोड्यांचीसुद्धा नावं माहीत आहेत," एवढंच म्हणाले, कोट चढवला आणि गेले.

पुढचे काही दिवस त्यांच्या खिडकीचा पडदा सरकला नाही. बायको म्हणाली, "सांगितलंस ते बरं केलंस." मला तसं वाटत नव्हतं. या परमुलखात वडीलधारं म्हणावं असं माणूस एकच होतं, तेही मी घालवलं होतं.

शनिवारी सकाळी फोन आला. "लॉर्डसाहेब, आमचे लोक तुमच्या शेतात फुकट राबायचे ना? मला बटाटे लावायचेत आणि गुडघे गेलेत. फावडं माझं."

आमच्याकडे याला वेठ म्हणायचे. इतक्या आनंदाने वेठीला कोणी गेलं नसेल. काका खुर्ची टाकून बसले आणि ओरडत राहिले, "खोल! अजून खोल! पार्लमेंटात हे शिकवत नाहीत वाटतं?" दुपारपर्यंत माझे तळहात सोलवटले.

"चल, चहा घे," म्हणाले.

दारात शूज चिखलाने लडबडलेले. आत फिका गालिचा. काकू गेल्यापासून काका तो जिवापाड जपतात. मी नाड्या सोडायला वाकलो.

"काढू नकोस," काका म्हणाले. "माझ्या दारात नको. पायात राहू देत."

मी तसाच आत गेलो.